प्रतिवादी क्रमांक चार

लोणावळा,
४ मार्च २०२४

प्रिय राजेश्वरी,
सप्रेम जयभीम.

या आठवड्यात तुझ्या दारात एक जाडजूड लिफाफा येईल. त्यावर न्यायाधिकरणाचा शिक्का असेल, आत अर्जदार म्हणून माझं नाव असेल आणि प्रतिवादी क्रमांक चार म्हणून तुझं. तू घाबरू नकोस आणि आदिनाथभावजींनाही घाबरू देऊ नकोस. माझा तुझ्यावर काडीचाही आरोप नाही. सरकारी नोकरीत ज्येष्ठतेचं भांडण मॅटमध्ये, म्हणजे या प्रशासकीय न्यायाधिकरणात, न्यायचं म्हटलं की त्या निकालानं ज्याचा ज्याचा नंबर खाली सरकेल त्या प्रत्येकाला प्रतिवादी करावं लागतं, नाहीतर अर्ज दारातूनच माघारी येतो. पहिले तीन प्रतिवादी सरकारी अधिकारी, मग तू, मग अंबाजी आणि आपल्या तुकडीतले बाकीचे. मी वकीलबाईंना विचारलं, "मैत्रिणीला वगळता येईल का हो?" त्या म्हणाल्या, "मैत्रीण तर आधी लागते."

आता तूच सांग, मी दुसरं काय करायला हवं होतं? तू आणि मी एकाच निवड यादीतून जमिनी मोजायला लागलेल्या भूकरमापक. गुण माझे जास्त, म्हणून पंधरा वर्षं दर ज्येष्ठता यादीत मी तुझ्या एक घर वर. त्याचं ना मला कौतुक होतं ना तुला दुःख. आणि आता आपल्या वरच्या निमतानदाराची एकच जागा निघाली, तर नव्या यादीत माझं नाव थेट तुकडीच्या तळाशी! कारण काय, तर रेणुका मुदत संपल्यावर एक दिवसानं हजर झाली. दोन हजार नऊ सालचा तो एक दिवस यांना आत्ता आठवला. कुणीतरी हरकत घेतल्याशिवाय हे होत नाही. तो अंबाजीच असणार. आपण दोघी उन्हातान्हात बांधावर उभ्या असायचो तेव्हा हा सावलीत बसून नियमांची पुस्तकं वाचायचा.

तो दिवस का गेला ते तुला, मला आणि तेव्हाच्या साहेबांना ठाऊक होतं. साहेब वारले. आता उरलो आपण दोघी.

निकाल लागेपर्यंत फोन आणि व्हॉट्सअ‍ॅप बंद ठेवायला वकीलबाईंनी सांगितलंय, म्हणून हा पोस्टाचा खटाटोप. अक्षर लागलं नाही तर मला हसू नकोस. नकाशे काढून काढून हात असाच झालाय.

तुझी,
रेणुका


सोमाटणे,
११ मार्च २०२४

प्रिय रेणुका,
सप्रेम नमस्कार.

लिफाफा आला. आदिनाथनं तो देवापुढं ठेवला आणि दिवसभर त्याच्याकडं साप बघावा तसा बघत होता. मी संध्याकाळी उघडून वाचला. अर्ज चांगला लिहिलाय. तुझ्या वकीलबाई हुशार दिसतात.

एकच चूक आहे, तीही तुझ्या पत्रात. हरकत अंबाजीनं नाही, मी घेतली.

आता पत्र खाली ठेव, पाणी पी, आणि मग पुढचं वाच.

निमतानदाराची जागा मला हवी होती. अजूनही हवी आहे. पंधरा वर्षं मी पण तेच केलं जे तू केलंस. फळी उचलली, साखळी ओढली, मग उपग्रहावरून मोजणारा रोव्हर आला तर तो शिकले, लोकांच्या शिव्या खाल्ल्या, कुणाच्या कुत्र्यानं धरलं. जागा निघाल्याचं कळलं तेव्हा मी नियम काढून बसले. नियम सांगतो की नेमणुकीच्या हुकमापासून तीस दिवसांत हजर झालं नाही आणि साहेबांनी मुदत वाढवून दिली नाही, तर निवडीतला क्रमांक जातो. तुझा हुकूम माझ्या आदल्या दिवशीचा. आपण दोघी एकाच सकाळी, एकाच टेबलावर सही करून हजर झालो. माझा तो तिसावा दिवस होता आणि तुझा एकतिसावा. मी हे लिहून दिलं.

आणि आपण तोवर का थांबलो हे मी विसरलेय असं समजू नकोस. हुकूम टपालात पंधरा दिवस अडकून हातात पडले आणि पितृपंधरवडा सुरू झाला. माझे वडील उंबऱ्यात उभे राहून म्हणाले, "पितरांच्या दिसांत नोकरीला हात लावायचा न्हाई. घट बसले की जा." तू दुसऱ्याच दिवशी हजर होणार होतीस. मी रडले, म्हणाले एकटी कशी जाऊ, तिथं सगळे पुरुष आहेत. तू थांबलीस. तुमच्या घरात ना पंधरवडा ना अमावास्या, आणि तुझी मुदत संपली ती नेमकी सर्वपित्रीला.

हे सगळं आठवत असूनही मी हरकत घेतली. माझ्याकडून तुला खोटं काही मिळणार नाही, म्हणून आधीच कळवते. मीही वकील लावलाय.

तुझी (रागावली असलीस तरी),
राजेश्वरी


लोणावळा,
२ एप्रिल २०२४

राजेश्वरी,
जयभीम.

पाणी प्यायले. चार दिवस नुसतं पाणीच पीत होते म्हण हवं तर. उत्तराला उशीर झाला कारण जी दोन उत्तरं लिहिली ती पाठवण्यासारखी नव्हती. त्यातलं एक फार छान जमलं होतं.

मला राग आला, आणि तो अजून आहे. तू मला आधी येऊन सांगायचं होतंस. तुझ्या वडगावच्या कार्यालयातून लोणावळा काय परदेशात आहे? "रेणुका, मी हरकत घेतेय" एवढं एक वाक्य म्हणायचं होतं. मी तुला चहा पाजला असता आणि मग भांडले असते. मी इकडं बिचाऱ्या अंबाजीला महिनाभर मनातल्या मनात झोडपतेय.

पण तुला जागा हवी याचा मला राग नाही. हवी असणारच. मलाही हवी आहे आणि ती माझी आहे. माझ्या कार्यालयात दोघं जण काल कुजबुजत होते की यांचं काय, यांना वरची वाट मोकळीच असते. मी टेबलाशी जाऊन सांगितलं की मी निवडले गेले तेव्हा माझं नाव खुल्या यादीत होतं, तुमच्या दोघांच्या वर, आणि या खटल्यात मी फक्त तोच नंबर परत मागतेय. मग त्यांनी पावसाचा विषय काढला. एप्रिलमध्ये.

आता खरी अडचण सांगते. वकीलबाई म्हणतात, उशिराचं कारण द्यावं लागेल. आजारपण लिहू या, दाखला मिळेल. मी साफ नाही म्हटलं. मी लोकांच्या जमिनीच्या हद्दी शपथेवर दाखवते, तिथं वितभर खोटं चालत नाही, आणि माझ्याच हद्दीला खोटा दगड लावू? मग खरं लिहा, म्हणाल्या त्या. तर ते मला लिहवत नाही.

माझे बाबा तुला माहीत आहेत. छप्पन साली आजोबांचं बोट धरून ते दीक्षेला गेले होते. तेव्हापासून आमच्या सुदुंबऱ्याच्या घरात कुणी मुहूर्त पाहिला नाही. माझं लग्न त्यांनी मुद्दाम अमावास्येला लावलं, आठवतं ना? बाकीच्या दिवशी कार्यालयाचं भाडं परवडत नाही असं ते पाहुण्यांना सांगत होते, पण ती थट्टा होती. अशा माणसाची लेक पितृपंधरवडा संपायची वाट बघत घरी बसली! मी तेव्हा त्यांना सांगितलं होतं की कार्यालयातूनच पुढची तारीख आलीय. ते आता सत्त्याहत्तरीला आलेत आणि माझ्या खटल्याचा कागद न् कागद वाचून घेतात.

आणखी एक. सर्वपित्रीच्या आधी आपण दोघी साहेबांना भेटायला गेलो होतो. त्यांनी भिंतीवरचं कॅलेंडर पाहिलं आणि म्हणाले, "घटस्थापनेला या दोघी, मी करून घेतो हजर." म्हणजे मुदत त्यांनी दिली होती. पण तोंडी. खातं म्हणतं, लेखी दाखवा. ते शब्द ऐकलेली माझ्याशिवाय एकच व्यक्ती जिवंत आहे आणि ती प्रतिवादी क्रमांक चार आहे. मी तुला काही मागत नाही. फक्त पेच कुठं आहे ते दाखवलं.

रेणुका


सोमाटणे,
१८ जून २०२४

प्रिय रेणुका,
सप्रेम नमस्कार.

माझं प्रतिज्ञापत्र दाखल झालं. त्याची प्रत तुझ्या वकीलबाईंना परवा मिळेल, म्हणून आधी तुला कळवते. या वेळी सांगून करतेय, बघ. सुधारले मी.

माझ्या वकिलांनी मसुदा पाठवला होता. त्यात लिहिलं होतं, "अर्जदार कोणत्याही सबळ कारणाविना उशिरा हजर झाली." मी त्यांना म्हटलं, हे खोडा. ते म्हणाले, "मॅडम, हे खोडलं तर आपल्या हातात राहतं काय?" मी म्हटलं, नियम राहतो. तो पुरेसा नसला तर मी हरते.

मग सातव्या परिच्छेदात मी माझ्या शब्दांत लिहिलं. पितृपंधरवडा माझ्या घरचा होता, अर्जदाराच्या नव्हे. ती माझ्या सोबतीसाठी थांबली. साहेबांनी आम्हा दोघींना घटस्थापनेला यायला सांगितलं, हे मी माझ्या कानांनी ऐकलं. आणि लगेच आठव्या परिच्छेदात लिहिलं की तरीही मुदतवाढ लेखी नसल्यामुळे नियमाप्रमाणे ज्येष्ठता माझीच आहे. वकील कपाळाला हात लावून बसले. आदिनाथ तर म्हणाला, "तू कुणाकडून लढतेस ते एकदा ठरव." मी म्हटलं, माझ्याकडूनच लढतेय. खोटं न बोलता जिंकले तर ती जागा माझी, नाहीतर मला ती नको.

माझ्या आबांनाही सांगितलं, कारण वडील म्हणून त्यांचं नाव त्यात येतं. त्यांनी बराच वेळ तंबाखू मळली. मग म्हणाले, "मी माझ्या लेकीला आडवलं व्हतं, दुसऱ्याच्या लेकीला न्हाई. ती कशापायी थांबली?" मी सांगितलं, माझ्यापायी. तर म्हणाले, "मंग लिव्ह तसं. माझं नाव बी लिव्ह."

तुझ्या भिकाजीबाबांचं मात्र मला वाईट वाटतंय. तुला न विचारता मी ते लिहिलं. पण तुला विचारलं असतं तर तू नको म्हणाली असतीस, आणि मग मला एक तर खोटं बोलावं लागलं असतं, नाहीतर तुझं न ऐकता लिहावं लागलं असतं. बाबांना तूच सांग, कागदातून कळू देऊ नकोस.

तुझी,
राजेश्वरी


लोणावळा,
७ जुलै २०२४

प्रिय राजेश्वरी,
सप्रेम जयभीम.

तुझं पत्र वाचून मी आधी तुला दोन शिव्या घातल्या, आणि मग दाराशी बसून रडले. दोन्ही मनापासून.

रविवारी सुदुंबऱ्याला गेले. बाबा ओट्यावर चष्मा पुसत बसले होते. म्हणाले, "आन कागद, काय म्हणती सरकार?" मी म्हटलं, बाबा, आज कागद मागाहून, आधी मी सांगते. सगळं सांगितलं. पंधरवडा, अमावास्या, तारीख आलीय म्हणून मारलेली थाप. ते चष्मा पुसतच राहिले. आई आतून बाहेर आली आणि पुन्हा आत गेली. मला वाटलं, आता उठून जातील.

मग म्हणाले, "तू पितरांना भ्यालीस?"

"नाही बाबा."

"आमुशाला भ्यालीस?"

"नाही."

"मंग कुणासाठी थांबलीस?"

"राजेश्वरीसाठी. ती एकटी जायला घाबरत होती."

"त्याला मुहूर्त म्हनत न्हाईत," बाबा म्हणाले. "त्याला सोबत म्हनत्यात. येवढं सांगाय तुला पंधरा वर्सं लागली व्हय गं?" आणि मग त्यांनी माझ्याकडून तुझा सातवा परिच्छेद तीनदा वाचून घेतला. आठवा वाचल्यावर मात्र जोरात हसले. म्हणाले, "पोरगी लय खरी हाय. पन तिला हरवायचीच बरं का."

तेव्हा तुला कळवते, की मी तुला हरवायचंच ठरवलंय. तू खरं बोललीस म्हणून मी ढिलं सोडीन असं समजू नकोस. तुझा आठवा परिच्छेद पाडण्यासाठी वकीलबाईंनी चार जुने निकाल शोधलेत. त्यांचं म्हणणं असं की साहेबांनी तोंडी का होईना मुदत दिली, मला विनातक्रार हजर करून घेतलं, आणि नंतर पंधरा वर्षं प्रत्येक यादीत तुझ्या वर ठेवलं. आता ते बदलता येत नाही. मला ते पटतं. तुला पटू नये हेही मला पटतं.

सुनावणीला मुंबईला मी सकाळच्या गाडीनं जाईन. तू तळेगावला चढून खिडकीशी बस, मी लोणावळ्याला चढेन. वकिलांनी बोलायला मनाई केलीय, पण जेवायला नाही. मी ज्वारीची भाकरी आणि भरलं वांगं आणते. तू गोडाचं आण.

तुझी,
रेणुका


सोमाटणे,
२० जानेवारी २०२५

प्रिय रेणुका,
सप्रेम नमस्कार.

निकाल वाचला. अभिनंदन. हे मनापासून आहे, पण आतून सोपं गेलं असं म्हणणार नाही. आदेशाची प्रत आली त्या दिवशी मी गाडीत बसून रडले, टोलनाक्याच्या रांगेत. शेजारच्या टेम्पोवाल्याला वाटलं मी टोलसाठी रडतेय. तो म्हणाला, "रडू नका ताई, आमी बी रोज देतोय."

माझ्याच सातव्या परिच्छेदावर निकाल उभा आहे. "प्रतिवादी क्रमांक चार हिने स्वतःच्या हिताविरुद्ध केलेले कथन अविश्वसनीय मानण्याचे कारण नाही." वकील म्हणतात, उच्च न्यायालयात जाऊ या. आदिनाथही तेच म्हणतो. मी दोन दिवस विचार केला. जाणार नाही. तुझी दया येऊन नव्हे आणि थकलेय म्हणूनही नव्हे. मला जे म्हणायचं होतं ते सगळं मी म्हणाले, त्यांनी ते ऐकून घेतलं आणि तुझं म्हणणं जास्त पटलं त्यांना. एवढंच झालंय. पुढची जागा निघेल तेव्हा पहिलं नाव माझं असेल आणि तेव्हा कुणी हरकत घेतली तर मी त्याला सोडणार नाही.

आता कामाचं. तू निमतानदार झालीस म्हणजे मोजणी मान्य नसलेले लोक फेरमोजणीसाठी तुझ्याकडं येणार. पहिल्याच गठ्ठ्यात माझं एक प्रकरण आहे. कार्ल्याच्या बाजूला अंबूबाई म्हणून एक म्हातारी आहे. तिच्या वावराला लागून मुंबईच्या एका माणसानं बंगला बांधलाय. मी मोजलं तेव्हा बंगल्याची भिंत अंबूबाईच्या हद्दीत निघाली. त्यानं माझी मोजणी चुकीची म्हणून अपील केलंय. त्या दिवशी धुकं होतं, घाईही होती. मला माझ्या रेषेची खात्री आहे, पण मी माणूस आहे. तू माझ्याकडं बघून मोजू नकोस. चुकलं असेल तर चुकलं म्हणून लिही.

तुझी,
राजेश्वरी


लोणावळा,
९ एप्रिल २०२५

प्रिय राजेश्वरी,
सप्रेम जयभीम.

कार्ल्याची फेरमोजणी काल झाली. प्रत तुला रीतसर मिळेलच, पण तिथं काय झालं ते कागदात येत नाही, म्हणून लिहिते.

बंगल्याचा मालक सकाळपासून माझी वाट बघत होता. खुर्ची टाकलेली, नारळपाणी तयार. मी खुर्चीत बसले नाही आणि नारळही घेतला नाही. तो जवळ येऊन हळूच म्हणाला, "मॅडम, माझं नशीब चांगलं म्हणून तुम्ही आलात. आधीच्या मॅडमची आणि तुमची कोर्टात चांगलीच जुंपली होती, मी सगळं ऐकलंय. त्यांचं काम कसं असतं हे तुमच्याशिवाय कुणाला कळणार?"

मी म्हटलं, "खरंय, माझ्याइतकं कुणालाच कळणार नाही." तो खूश झाला.

तुला खरं सांगते. रोव्हर लावताना एक क्षण मलाही वाटलं की तुझी रेषा हातभर तरी चुकलेली निघावी. वर्षभराचा राग कुठंतरी शिल्लक असणार. ते वाटलं आणि त्याची मला लाज वाटली, म्हणून मग मी सगळं पहिल्यापासून पुन्हा लावलं. जुन्या हद्दीच्या दगडांपासून सुरुवात केली. तुझा एकही आकडा समोर ठेवला नाही. अंबूबाई बांधावर बसून होती. मधेच म्हणाली, "बाई, तुमी दोघी भांडलाय म्हनं. तुमच्या भांडनात माझं वावार जाऊ देऊ नका." मी तिला म्हटलं, मावशी, आमचं भांडण आमच्या नंबरावरून होतं, तुमच्या वावरावरून नाही.

दुपारपर्यंत रेषा लागली. मग तुझा नकाशा उघडला आणि माझी रेषा त्यावर ठेवली. दोन्ही तंतोतंत जुळल्या. बंगल्याची भिंत अंबूबाईच्या वावरातच आहे. मालकाचा चेहरा बघण्यासारखा झाला. म्हणाला, "पण तुमचं तर त्यांच्याशी..." मी म्हटलं, "हो, होतं. म्हणून तर दोनदा मोजलं."

अंबूबाई रडायला लागली. मग तिथंच बांधावर बसून मी निर्णय लिहिला. या पदावरचा माझा हा पहिलाच निर्णय. बाबांना संध्याकाळी फोनवर वाचून दाखवला. ते म्हणाले, पुन्हा वाच. तुलाही तसाच लिहून पाठवते:

"भूकरमापक राजेश्वरी यांनी केलेली मोजणी अचूक आहे. तीच कायम."

खाली माझी सही आहे.

तुझी,
रेणुका